मिरिएलचं कापड: मेलेल्यांच्या घरातल्या भिंती कोण विणतं?

(एपिसोडचा लिखित मजकूर. बोलताना जसं बोललो तसंच जवळपास ठेवलंय, फक्त 'म्हणजे' आणि 'अॅक्चुअली' थोडे कमी केलेत.)

हेडफोन लावलेत? लोकलमध्ये असाल तर दारात उभं राहून ऐकू नका, आत या. भांडी घासत ऐकत असाल तर चालू द्या, आजचा विषय हाताच्या कामाचाच आहे.

गेल्या काही एपिसोडना तुमच्या कमेंट एकाच सुरात होत्या. दादा, टोल्किन घेतलायस तर लढाया घे. बालरोग घे. ड्रॅगन घे. घेणार आहे, शब्द देतो. पण आज एक कापड घ्यायचंय. एक विणलेलं कापड, जे टोल्किनच्या जगात कुठल्याच जिवंत माणसाने पाहिलेलं नाही. आणि ते विणणारी बाई. तिच्यावर 'द सिल्मरिलियन'मध्ये मोजकी पानं आहेत. मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा ती पानं भराभर उलटून पुढे गेलो होतो. तसं का केलं आणि परत मागे का आलो, तेही सांगतो.

आधी जग समजून घेऊ, दोन मिनिटांत. ज्यांना माहितीये त्यांनी चहा ठेवा.

जे. आर. आर. टोल्किन. जन्म 1892, ऑक्सफर्डमध्ये जुन्या इंग्रजीचे प्राध्यापक. 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' 1954-55 मध्ये आलं. पण त्याच्या मागची पुराणकथा ते पहिल्या महायुद्धापासून आयुष्यभर लिहीत होते, आणि ती त्यांच्या हयातीत छापून झालीच नाही. 1973 मध्ये ते गेले. मुलगा ख्रिस्तोफर याने कागदांचा ढीग लावून 1977 मध्ये 'द सिल्मरिलियन' काढलं. त्यानंतरही कागद उरलेच होते. ते त्याने बारा खंडांत छापले. हे बारा खंड लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहेत.

या पुराणात देवांसारख्या मोठ्या शक्ती आहेत, त्यांना वालार म्हणतात. त्यातला एक मांडोस. मेलेल्यांचा न्यायाधीश. आपला यमधर्म म्हणा, फक्त रेडा नाही. पश्चिमेकडच्या वालिनोर देशात त्याची दालनं आहेत. एल्फ लोक म्हातारपणाने मरत नाहीत, पण मारले गेले किंवा दुःखाने खचले तर त्यांचा आत्मा या दालनांत येऊन थांबतो. वाट बघत. काहींना पुढे पुन्हा शरीर मिळतं, काहींना नाही.

मांडोसच्या बायकोचं नाव वैरे. ती विणकर. काळात जे जे घडून गेलं ते सगळं ती विणते, आणि ती कापडं त्या दालनांच्या भिंतींवर लावली जातात. युगं सरतात तशी दालनंही मोठी होत जातात.

आता जरा थांबून हे चित्र डोळ्यांपुढे आणा. तुम्ही मेलात. एका मोठ्या शांत घरात आलात. समोरच्या भिंतीवर सगळ्या जगाचा इतिहास विणलेला. शोधलं तर त्यात तुम्हीसुद्धा. तुम्ही केलेलं चांगलं. आणि तुम्हाला वाटत होतं की कुणी बघितलं नाही, तेही. डिलीट फॉर एव्हरीवन करायची सोय नाही.

टोल्किनने या कापडाचं वर्णन फार थोडक्यात केलंय. माग कसला, सूत कसलं, रंग कुठून आले, काही नाही. म्हणून मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा वाटलं, चला, सजावट आहे. भिंतींना पडदे.

पण मंडळी, मी येवल्याचा. आमच्या घरात पुढच्या खोलीत माग होता. जमिनीत खड्डा, खड्ड्यात पाय सोडून बसायचं, समोर ताणा पसरलेला. आई पैठणी विणायची. तिच्याआधी आजोबा, म्हणजे तिचे सासरे. टीव्ही नंतर आला, माग आधीपासून होता. त्यामुळे 'पडदे' म्हणून पुढे जाणं मला तरी शोभत नव्हतं.

तर कापडाचं तंत्र सांगतो, कारण त्याशिवाय पुढची गोष्ट अर्धीच कळेल.

कापडावर चित्र आणायचे तीन सोपे प्रकार धरा. एक, छापायचं. दोन, तयार कापडावर सुईने भरायचं, म्हणजे भरतकाम. तीन, कापड होतानाच त्यात चित्र विणायचं. या तिसऱ्यात एक जात आहे जिला इंग्रजीत टॅपेस्ट्री म्हणतात. साध्या कापडात आडवा धागा, म्हणजे बाणा, या काठापासून त्या काठापर्यंत सलग जातो. टॅपेस्ट्रीत तसं नसतं. हिरवा धागा जिथे हिरवं पाहिजे तेवढ्याच जागेत जातो आणि मागे फिरतो. शेजारी लाल सुरू होतो. दोघं हद्दीवर एकमेकांत अडकतात. प्रत्येक रंगाची वेगळी छोटी कांडी. ताण्याचे धागे मोजायचे, कांडी घालायची, मागे फिरवायची, ठोकायचं. पुढची ओळ.

आणि पैठणीचा पदर याच पद्धतीने होतो. तुम्ही लग्नात जी बघता, मोर, पोपट, कमळ, ते सगळं कांडी-कांडीने. म्हणून खऱ्या हातमागाच्या पैठणीचा पदर उलटून बघा, मागची बाजू पुढच्यासारखीच स्वच्छ दिसते. मागे लोंबते धागे दिसले तर ती पद्धत वेगळी.

या पद्धतीची एक अट आहे. चित्र नंतर लावता येत नाही. चित्र आणि कापड एकाच वेळी तयार होतं. मोराचा डोळा चुकला तर तो खोडता येत नाही, उसवावं लागतं, आणि उसवायचं म्हणजे त्यानंतरच्या सगळ्या ओळी उसवायच्या. आता परत वैरेकडे या. ती काळ विणते. घडून गेलेलं. तिथे उसवणं नाहीच. मला वाटतं, या कापडाची जादू इथे आहे. ते चमकतं, हलतं वगैरे नंतरची गोष्ट. ते खोटं बोलू शकत नाही, ही पहिली.

बरं, आता त्या बाईकडे.

मिरिएल. नोल्डोर नावाच्या एल्फ लोकांचा राजा फिनवे, त्याची राणी. विणकाम आणि सुईकाम यांत तिच्याइतकं बारीक काम करणारे हात त्या कारागीर लोकांतही कुणाचे नव्हते. तिचं टोपणनावच सेरिंदे, म्हणजे भरतकाम करणारी. नाव लक्षात ठेवा.

त्यांना एक मुलगा झाला, फेआनोर. हा पुढे सिल्मारिल नावाची तीन रत्नं घडवतो, ज्यांच्यापायी सगळं महाभारत होतं. पण त्याला जन्म दिल्यावर मिरिएल पार रिकामी झाली. ती नवऱ्याला सांगते की मला आता पुन्हा मूल नको, अनेक मुलांना पुरली असती इतकी ताकद या एकट्यात गेली. तिला विश्रांती हवी होती. श्वास घेण्यापासूनच विश्रांती हवी होती.

लक्षात घ्या, हे कुठे घडतंय? वालिनोरमध्ये. स्वर्गासारखी जागा. रोग नाही, म्हातारपण नाही, उपासमार नाही. तिथे थकायचं काही कारणच नाही असं सगळ्यांना वाटत होतं. फिनवे तिला लोरिएनच्या बागांत पाठवतो, विश्रांतीची सगळ्यात चांगली जागा. त्याला वाईट वाटतं की बाळ लहान असताना आई दूर जातेय. ती तिथे चंदेरी विलोच्या झाडांखाली झोपते, आणि तिचा आत्मा शरीर सोडून मांडोसच्या दालनांत निघून जातो. शरीर तसंच राहतं, न कोमेजता. फिनवे पुन्हा पुन्हा येऊन तिच्याजवळ बसतो, तिला नावाने हाका मारतो. ती उठत नाही. शेवटी तो यायचं बंद करतो.

पुढे त्याला दुसरं लग्न करायचं असतं. आता पेच बघा. एल्फ मरत नाहीत, आत्मा परत येऊ शकतो. मग मिरिएल परत आली तर? एका पुरुषाच्या दोन बायका एकाच वेळी जिवंत, हे त्यांच्यात चालत नाही. वालारांची सभा बसते, कायदा होतो. मिरिएलला विचारतात, परत यायचंय का? ती नाही म्हणते. मग निकाल लागतो की आता ती कधीच परत येणार नाही. फिनवे इंदिसशी लग्न करतो. फेआनोरला सावत्र भाऊ होतात आणि त्याचं त्यांच्याशी कधीच जमत नाही.

1977 च्या पुस्तकात मिरिएलची गोष्ट जवळपास इथे संपते. ती गेली, संपलं, चला रत्नांकडे. मी कॉलेजला पुण्यात होस्टेलवर होतो, फाटक्या स्क्रीनच्या मोबाइलवर पीडीएफ वाचत होतो. मला लढाई हवी होती. मी तिला 'फेआनोरची आई' या एका ओळीत टाकलं आणि पुढे गेलो. फॅन लोकांच्या चर्चांतही तिच्याबद्दल एक नेहमीचं वाक्य असतं: काय आई आहे, मूल टाकून झोपली. मीही तेच म्हणत होतो.

आता ते बारा खंड. दहावा खंड 1993 मध्ये आला, 'मॉर्गॉथ्स रिंग'. त्यात टोल्किनने लिहून ठेवलेला पुढचा भाग आहे.

मोर्गोथ सिल्मारिल चोरतो आणि ते करताना फिनवेला मारतो. फिनवे मांडोसच्या दालनांत येतो. आणि तिथे त्याला मिरिएल भेटते. इतक्या काळानंतर नवरा-बायको दोघंही मेलेले, समोरासमोर. तिला सगळं कळतं. मुलाचं काय झालं, घराचं काय झालं. आणि आता तिला परत जावंसं वाटतं. हात आठवतात. पण निकाल तर लागलाय. मग फिनवे म्हणतो, मी परत जात नाही, कधीच नाही, माझ्या जागी तिला जाऊ दे. नियेन्ना, म्हणजे जगाच्या दुःखासाठी रडणारी वाला, तिच्यासाठी शब्द टाकते. परवानगी मिळते. बागेत तसंच पडून राहिलेलं ते शरीर उठून उभं राहतं.

कुठे जाते ती? मला वाटलं होतं घरी जाईल. नाही गेली. ती वैरेच्या दारात जाते. जिथे जिवंत कुणी जात नाही तिथे. वैरे तिला आत घेते आणि ती वैरेची मुख्य सोबतीण होते. नोल्डोर लोकांची प्रत्येक बातमी, सुरुवातीपासूनची, तिच्यापर्यंत आणली जाते आणि ती ती विणते. ते कापड इतकं देखणं की चित्रं जिवंत वाटावीत. ते कधी जीर्ण होत नाही आणि त्यात असे रंग आहेत जे आपल्याकडच्या जगात नाहीतच. फिनवेला अधूनमधून ते बघायची परवानगी असते. तिचं नाव बदलून फीरिएल होतं. त्याचा अर्थ 'जी मेली' असा होतो, आणि 'जिने सुस्कारा टाकला' असाही.

ती अजूनही विणतेय, असं टोल्किनने लिहून ठेवलंय.

आता विचार करा, नोल्डोरांच्या बातम्या म्हणजे कुणाच्या? सगळ्यात जास्त तिच्याच मुलाच्या. फेआनोरने काय काय केलं? सिल्मारिल घडवले, ठीक. मग सूड घ्यायची भयंकर शपथ घेतली, सात मुलांना त्यात ओढलं. अल्क्वालोंदे बंदरात जहाजांसाठी आपल्याच भाईबंद एल्फांची कत्तल केली. मग ती जहाजं जाळली, आणि मागे राहिलेले आपलेच लोक बर्फावरून मरत मरत चालत आले. शेवटी तो मेला तेव्हा आतल्या आगीने त्याच्या शरीराची राख झाली.

हे सगळं आईच्या मागावर आलं. आणि टॅपेस्ट्रीत खोडता येत नाही. रक्ताचा रंग जिथे पाहिजे तिथे त्या रंगाची कांडी घालायची, धागे मोजायचे, मागे फिरायचं, ठोकायचं. 'माझा बबड्या असा नव्हता' म्हणून एखादी ओळ सोडता येत नाही. असं प्रत्यक्ष पुस्तकात लिहिलेलं नाही, हे माझं वाचन आहे. पण कापड खरं असेल तर दुसरं काय होणार?

ज्या मुलात तिची सगळी ताकद गेली, त्याच मुलाचं सगळं करणं तिने विणलं. आणि लोक म्हणतात मूल टाकून झोपली.

आता थोडं खऱ्या जगात येऊ, कारण हे कापड कागदावरून उतरलंय.

ख्रिस्तोफरला 'सिल्मरिलियन' लावायला मदत करणारा एक तरुण कॅनेडियन मुलगा होता, गाय गॅव्हरिएल के. त्याने पुढे 1984 ते 86 मध्ये स्वतःची तीन पुस्तकांची मालिका लिहिली, 'द फिओनावार टॅपेस्ट्री'. तिथे तर अख्खं विश्वच मागावर विणलं जातं आणि निर्माता म्हणजे विणकर. त्यातल्या खलनायकाचा धागा त्या कापडात नाहीच, तो बाहेरून आलाय, म्हणून त्याला मारता येत नाही. 'द व्हील ऑफ टाइम' पाहिलं किंवा वाचलं असेल तर तिथेही माणसं म्हणजे धागे, आणि काळाचं चाक नक्षी विणतं. वैरेचा माग डोक्यात ठेवून हे वाचा, जास्त मजा येते.

दुसरं, फ्रान्समध्ये ओब्युसाँ नावाचं गाव आहे. शेकडो वर्षं टॅपेस्ट्री विणणारं. 2009 मध्ये युनेस्कोने तिथल्या कलेला मानवी वारशाच्या यादीत घेतलं. तिथल्या टॅपेस्ट्री केंद्राने टोल्किनच्या वारसांशी करार केला आणि टोल्किनने स्वतः काढलेली चित्रं मोठ्या टॅपेस्ट्रींत विणायला घेतली. पहिली 2018 मध्ये मागावरून उतरली. बिल्बो पिंपावर बसून नदीतून येतोय ते चित्र. गुगल करा, पण एपिसोड संपल्यावर.

तिथली एक गोष्ट मला फार आवडली. ओब्युसाँचा विणकर मागच्या बाजूने विणतो. चित्राची पुढची बाजू खाली असते. काम पूर्ण होऊन कापड कापून उतरवलं की तेव्हा पूर्ण चित्र पहिल्यांदा समोर येतं. तोपर्यंत महिनोन्महिने तो फक्त आपल्यासमोरच्या ओळी बघत असतो.

हे मी आईला फोनवर सांगितलं. आणि इथून हा एपिसोड जरा वेगळीकडे गेला.

आई आता विणत नाही. डोळ्यांनी आणि पाठीने दोन्हींनी राजीनामा दिलाय. मी तिला ओब्युसाँचं सांगितलं, मग ओघात मिरिएलचं. म्हटलं, एक राणी होती, लय भारी विणायची, मुलगा झाला आणि मग तिला काहीच करावंसं वाटेना, ती झोपूनच राहिली. मला वाटलं आई म्हणेल, अगंबाई, लेकराला सोडून?

आई थोडा वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "मंग? तिला कोनी विचारलं का, काय व्हतंय?"

मी म्हटलं, बागेत पाठवलं विश्रांतीला.

"मला तुझ्या मामाकडं पाठवलं व्हतं."

मला हे माहीत नव्हतं. घरात माझ्या जन्माची जी गोष्ट सांगितली जाते ती अशी: तू झालास आणि आईचा माग दीड वर्ष बंद पडला, तुझ्यामागे पळण्यात वेळच मिळेना. मी ही गोष्ट मित्रांना हसत सांगायचो. मी किती मस्तीखोर होतो बघा.

आई म्हणाली, "येळ नव्हता असं नाही रे. तू तर गप पडून राहायचा. हातच उचलंना. कांडी हातात घ्यायची आनि तशीच बसायची. संध्याकाळ व्हायची."

मागावर तेव्हा एक साडी होती. पदर निम्मा झालेला. दोन मोर पूर्ण, तिसरा सुरू. व्यापाऱ्याला तारीख दिलेली, मजुरीची उचल घेतलेली. ती मामाकडे होती तेव्हा आजोबांनी बसून तो पदर पुरा केला. आजोबांचा हात जड. ते जोरात ठोकायचे, त्यामुळे ओळी दाट बसायच्या आणि मोर थोडा बुटका यायचा. आई परत आली तेव्हा साडी गेलेली होती. तिने ती उतरलेली पाहिलीच नाही. पण तिला आजही माहितीये की कुठल्या ओळीला हात बदलला. तिसऱ्या मोराच्या मानेपाशी.

"जिनं नेसली तिला कळलं बी नसंल," म्हणाली.

मी विचारलं, मग परत कशी बसलीस? मला वाटलं आता काहीतरी मोठं ऐकायला मिळणार. कुणी समजावलं असेल, देवाला नवस असेल. ती म्हणाली, एक दिवस जर सुटून पडली होती, गुंता होईल म्हणून गुंडाळायला बसले. मग बसलेच.

बस्स. एवढंच.

मंडळी, आज या गोष्टीला नाव आहे. बाळंतपणानंतरचं नैराश्य. तो आजार आहे, त्यावर उपचार आहेत, डॉक्टर आहेत, आणि बहुतेक बायका त्यातून बऱ्या होतात. टोल्किनने हा शब्द कुठे वापरलेला नाही, आणि मी त्याच्या तोंडी घालणार नाही. पण त्याने जे लिहिलंय ते नीट वाचा. सगळं काही चांगलं असलेल्या जागी एक बाई म्हणते मी थकले, आणि तिच्या आसपासच्या कुणाला ते समजतच नाही. देवांनाही नाही. त्यांनी सभा घेतली, कायदा केला, पण तिच्याजवळ बसून 'काय होतंय' असं विचारल्याचं मला तरी कुठे सापडलं नाही. तुमच्या घरात, शेजारी, कुणी नवी आई असेल तर बाळाचे फोटो मागण्याआधी तिला एकदा विचारा, तुला कसं वाटतंय. ती गप्प राहिली, किंवा हात उचलत नाही म्हणाली, किंवा जगणंच नको म्हणाली, तर मामाकडे पाठवू नका. डॉक्टरकडे घेऊन जा, आणि सोबत बसा.

शेवटचा एक मुद्दा, मग सोडतो तुम्हाला.

मी मघाशी म्हटलं ना, सेरिंदे हे नाव लक्षात ठेवा. बारावा खंड, 1996. त्यात टोल्किनने या नावावर चक्क भाषाशास्त्र केलंय, माणूस प्राध्यापक ना शेवटी. मूळ नाव थेरिंदे होतं. इंग्रजीत 'थिन' म्हणताना जो थ येतो तो. पुढे नोल्डोर लोक सगळीकडे त्या थ च्या जागी स म्हणायला लागले, फॅशन बदलली. मिरिएलला ते आवडलं नाही. तिने आपलं नाव थ नेच म्हणावं असं सांगितलं. ती गेल्यावर फिनवेनेही स धरला, इंदिसनेही धरला. फेआनोर मात्र शेवटपर्यंत थ म्हणत राहिला. कुणी स म्हटलं की त्याला तो आईचा अपमान वाटायचा. एका अक्षरावरून घर दुभंगलं.

मी हे वाचलं तेव्हा हसलो होतो, की टोल्किन पण काय, एका अक्षरावर इतकी पानं. आणि मग आठवलं. पुण्यात होस्टेलवर पहिल्याच आठवड्यात मी मेसमध्ये 'पानी द्या' म्हटलं होतं. टेबलावर चार मुलं हसली. पुढे महिनाभर मला 'पानी' अशीच हाक होती. मी पाठ करून करून ण बसवला. पाणी, आणि, कोणी, लोणी. आता हा अख्खा एपिसोड मी ण ने बोलतोय, तुम्ही ऐकताय. आणि सुट्टीत घरी गेलो की आई 'पानी दे' म्हणायची आणि मी तिला सुधारायचो. पाणी, आई, पाणी. पाहुण्यांसमोरसुद्धा.

फेआनोरने आईचा थ इतका घट्ट धरला की त्याची तलवार झाली. मी आईचा न इतक्या लवकर सोडला की मागे वळूनही पाहिलं नाही. दोघांपैकी कुणाचं बरोबर, मला सांगता येत नाही. त्याने जे केलं ते तिच्या मागावर गेलं. मी जे केलं तेही कुठल्यातरी भिंतीवर विणलं गेलं असणार, पाहुण्यांसकट. उसवता येत नाही. पुढची ओळ घालता येते.

म्हणून यावेळी फोनवर मी तिला एकदाही सुधारलं नाही. आणि वर तिचे जे शब्द आलेत ते मी एडिट करताना तसेच ठेवलेत. ट्रान्स्क्रिप्ट वाचणाऱ्यांनी कृपया 'टायपो आहे' म्हणून कमेंट करू नका.

फोन ठेवता ठेवता आईने विचारलं, "मंग ती बाई आता काय करती?"

म्हटलं, अजून विणतेय. युगानुयुगं. देवाच्या घरात.

"आनि मजुरी कोन देतं तिला?"

माझ्याकडे उत्तर नव्हतं. बारा खंड आहेत, मी पुन्हा शोधतोय. तुम्हाला सापडलं तर कळवा.

पुढच्या वेळी बालरोग, नक्की. एपिसोड आवडला तर एकाला तरी पाठवा, आणि त्याआधी घरी एक फोन करा. भेटूच. काळजी घ्या.